वाटपाच्या दाव्यासाठी दोन वकील केले: पहिल्यांना एक तारा, दुसऱ्यांना चार

दोघांचीही नावं देत नाही. पहिल्यांचं दिलं तर माझ्यावर आणखी एक दावा व्हायचा. दुसऱ्या मॅडमना जाहिरात चालत नाही. बार कौन्सिलच्या नियमांत वकिलाला जाहिरात करायला मनाई आहे, हे त्यांनीच मला ऐकवलं. तेव्हा हा अभिप्राय सेवेबद्दल आहे. दिवाणी कोर्टाची पायरी पहिल्यांदा चढणाऱ्या कुणाला उपयोग झाला तर झाला.

मी निवृत्त शिक्षिका. ३१ वर्षं मराठी शिकवलं. हे उगाच सांगत नाहीये, पुढे त्याचा संबंध येतो.

वडील २०१२ साली गेले, आई त्याआधीच. घर वडिलांच्या नावावर, मृत्युपत्र नाही, वारस दोनच: मी आणि धाकटा भाऊ. २०१४ मध्ये मुलाच्या इंजिनिअरिंगच्या प्रवेशाला पैसे कमी पडले. भावाने साडेतीन लाख दिले आणि १०० रुपयांच्या स्टॅम्पपेपरवर एक मजकूर टाइप करून आणला: घरातल्या माझ्या हिश्श्यापोटी मला पूर्ण रक्कम मिळाली, यापुढे मी हक्क सांगणार नाही. दोन साक्षीदार होते, मी सही केली. दस्ताची नोंदणी कुणी केली नाही. मूळ कागद भावाकडे राहिला, झेरॉक्स माझ्याकडे. २०२२ च्या अखेरीस कळलं की तो घर विकायला निघालाय.

पहिले वकील

ऑफिस झकास. मी झेरॉक्स पुढे ठेवली. त्यांनी शेवटचं पान उलटून नोंदणीचा शिक्का नाही एवढं पाहिलं आणि कागद माझ्याकडे सरकवला. म्हणाले, "बाई, हा घरी ठेवा. स्थावरातला शंभर रुपयांचा किंवा त्याहून जास्तीचा हक्क सोडायचा तर दस्त नोंदवावा लागतो, १९०८ चा कायदा आहे. हा नोंदवलेला नाही, म्हणजे कायद्याच्या नजरेत हा कागद नाहीच. जे नाहीच त्याचा उल्लेख कशाला?"

मला हे फारच हुशारीचं वाटलं. घरी येऊन मुलाला दोनदा सांगितलं.

जानेवारी २०२३ मध्ये दावा दाखल झाला. दाव्यासोबत तूर्तातूर्त मनाईचा अर्ज (निकाल लागेपर्यंत घर विकू नये म्हणून), ज्याला कोर्टात सगळे 'निशाणी ५' म्हणतात. भावाला नोटीस जायच्या आधीच, आमचं एकट्याचं ऐकून न्यायाधीशसाहेबांनी 'जैसे थे'चा हुकूम दिला. एका आठवड्यात! तेव्हा मला कुणी विचारलं असतं तर मी या वकिलांना पाच तारे दिले असते आणि वर पेढेही.

जूनमध्ये भावाच्या वकिलांनी स्टॅम्पपेपर हजर केला. सुनावणी जेमतेम वीस मिनिटं चालली. कागदाला कायद्यात किंमत आहे की नाही यावर आमचे वकील बराच वेळ बोलले. साहेबांनी ऐकून घेतलं आणि मग विचारलं, "हा कागद आहे हे वादीला दावा दाखल करताना माहीत होतं का?" वकील माझ्याकडे बघायला लागले. मी जमिनीकडे.

हुकूम उठला. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ नियम ४ मध्ये ही तरतूदच आहे: समोरच्याला नोटीस न देता मनाई मिळवली आणि अर्जात किंवा प्रतिज्ञापत्रात महत्त्वाच्या बाबतीत जाणूनबुजून खोटं किंवा दिशाभूल करणारं विधान निघालं, तर कोर्टाने ती मनाई रद्द करायची, न्यायाच्या दृष्टीने तसं करायची गरज नाही असं कारण नोंदवलं तरच ती राहते. माझ्या प्रतिज्ञापत्रात 'वादीने आपला हिस्सा कधीही, कोणत्याही प्रकारे सोडलेला नाही' असं वाक्य होतं. 'कोणत्याही प्रकारे' हे दोन शब्द कुणी घातले ते मला आठवत नाही. सही मात्र माझी आहे.

बाहेर कॉरिडॉरमध्ये वकीलसाहेबांनी पुढचा उपाय सुचवला. "प्रतिज्ञापत्र टाकू की तुमची सही कोऱ्या कागदावर घेतली होती."

एक तारा दिलाय तो टायपिंग सुबक होतं म्हणून. त्यानंतर त्यांनी माझे फोन उचलणं कमी केलं, आणि वकील बदलायचा ठरवल्यावर वकीलपत्रावर ना हरकत द्यायला सहा आठवडे लावले.

दुसऱ्या वकील

मॅडमचं ऑफिस तिसऱ्या मजल्यावर आहे. बसायला लाकडी बाक. पहिल्या भेटीत त्यांनी फी सांगितली, पावती देईन म्हणाल्या (दरवेळी दिली), आणि मग म्हणाल्या, "ताई, भावाने काय काय केलं ते नंतर. तुमच्या विरुद्ध जाणारं जे जे आहे ते आधी सांगा."

मी कोऱ्या कागदाची गोष्ट सांगितली. खरं सांगायचं तर तोवर माझा स्वतःचाही त्यावर थोडा विश्वास बसायला लागला होता. आपल्या बाजूची गोष्ट पाचसहा जणांना सांगितली की ती घडल्यासारखी वाटायला लागते. मॅडमनी झेरॉक्स हातात घेतली आणि कितीतरी वेळ वाचत बसल्या. मग पेन्सिलीचं टोक एका शब्दावर ठेवलं.

"हे 'पूर्ण' कुणी दुरुस्त केलं?"

टाइप करणाऱ्याने 'पुर्ण' लिहिलं होतं. ऱ्हस्व उकार खोडून दीर्घ केलेला, निळ्या शाईत, आणि समासात माझी छोटी सही. ३१ वर्षांची सवय. साडेतीन लाखांत घरावर पाणी सोडतानाही मी शुद्धलेखन तपासत होते.

"कोऱ्या कागदावर सही करणारी बाई त्यातला उकार कसा दुरुस्त करेल?" असं त्या म्हणाल्या असत्या तर ठीक होतं. पण त्या काहीच बोलल्या नाहीत. पेन्सिल ठेवून दिली आणि पाणी पुढे केलं. मीच मग सांगितलं, की वाचून सही केली होती. मुलाच्या फीची शेवटची तारीख दोन दिवसांवर होती आणि भाऊ म्हणाला होता, "ताई, हे फक्त बायकोच्या समाधानासाठी."

"मग हेच लिहू या," मॅडम म्हणाल्या.

मी पहिल्या वकिलांचा मुद्दा काढला. नोंदणी नाही, मग कागदाला किंमत काय? त्या म्हणाल्या, तो मुद्दा बरोबरच आहे आणि आपण तो घेणारच आहोत. "पण किंमत आहे की नाही हे ठरवणं कोर्टाचं काम. कागद आहे हे सांगणं तुमचं." सगळ्या प्रकरणात मला कुणी काही शिकवलं असेल तर ते हे एवढंच. आपल्याला बिनमहत्त्वाची वाटते म्हणून एखादी गोष्ट गाळायची सोय पक्षकाराला नाही. त्यातही समोरचा हजर नसताना आपण काही मागत असू तर मुळीच नाही, कारण तेव्हा त्याची बाजू सांगणारं दुसरं कुणी खोलीत नसतं. हा नियम जुना आहे. १९१७ साली इंग्लंडमध्ये एका प्रिन्सेसने आयकर अधिकाऱ्यांविरुद्ध अर्ज केला होता. तिने सगळी हकीकत मोकळेपणी सांगितली नाही म्हणून कोर्टाने मूळ प्रश्नात न शिरताच तिला परत पाठवलं. आपल्याकडचे निकाल आजही त्या खटल्याचा दाखला देतात.

मग त्यांनी मला चेंगलवराय नायडू विरुद्ध जगन्नाथ वाचायला दिलं. सर्वोच्च न्यायालय, ऑक्टोबर १९९३. निकाल लहान आहे. मी बसमध्ये वाचला आणि माझा स्टॉप गेला. कारण गोष्ट जवळजवळ माझीच! जगन्नाथ हा एका सावकाराचा कारकून. सावकारासाठी त्याने कोर्टाच्या लिलावात मालमत्ता घेतली आणि १९४५ मध्ये नोंदणीकृत दस्ताने आपला हक्क सावकाराच्या नावे सोडून दिला. पुढे त्याच मालमत्तेत वाटणी मागायला स्वतःच कोर्टात आला, आणि त्या दस्ताबद्दल चकार शब्द काढला नाही. प्राथमिक हुकूमनामाही (हिस्से ठरवणारा पहिला निकाल) मिळवला. दस्त उजेडात आल्यावर खालच्या कोर्टाने त्याला बाहेर काढलं. मद्रास उच्च न्यायालयाने मात्र म्हटलं की खरीच बाजू घेऊन यायचं असं कायदेशीर बंधन वादीवर नाही. दस्त शोधून काढणं हे प्रतिवादीचं काम. सर्वोच्च न्यायालयाने हे साफ उलटवलं. कोर्टात येणाऱ्याचे हात स्वच्छ हवेत, आणि समोरच्यावर कुरघोडी करण्यासाठी महत्त्वाचा कागद दडवणं ही कोर्टाचीच फसवणूक. असा मिळवलेला हुकूमनामा मुळातच रद्दबातल, कोणत्याही कोर्टात, केव्हाही.

उच्च न्यायालयाचं ते म्हणणं वाचताना मला पहिले वकीलसाहेबच बोलताहेत असं वाटलं. (२००९ चा दलीप सिंह खटलाही मॅडमनी दिला होता. त्याची सुरुवात सत्य आणि अहिंसा या मूल्यांपासून होते आणि खोटं बोलायला न कचरणाऱ्या नव्या पक्षकारांवर येते. तो मी पुरा वाचला नाही. जेवढा वाचला तेवढ्याने पुरे झालं.)

कामाचा दर्जा

दावा दुरुस्तीचा अर्ज लिहायला मॅडमनी पाच आठवडे घेतले. मी चिडले होते. पण मसुदा बघितल्यावर वेळ कशात गेला ते कळलं. कलम ७ मध्ये स्टॅम्पपेपर आला: कधी, किती रक्कम, कोण साक्षीदार, वादीने वाचून सही केली, मजकुरातला एक शब्द वादीने स्वतः दुरुस्त केला. कलम ८ मध्ये रक्कम का घेतली ते. कलम ९ मध्ये कायद्याने तो कागद का टिकत नाही ते. आणि कलम १० मध्ये, पहिल्या दाव्यात याचा उल्लेख केला नाही याची कबुली. मी म्हटलं, 'अनवधानाने राहून गेला' असं लिहू या का? मॅडमनी चष्मा वर करून विचारलं, "अनवधानाने राहिला होता?" ते वाक्य गेलं.

सत्यापनाबद्दल वेगळं लिहायला हवं, कारण याकडे कुणी बघतच नाही. दाव्याच्या शेवटी 'वरील सर्व मजकूर माझे माहिती व समजुतीप्रमाणे खरा व बरोबर आहे' असा एक छापील परिच्छेद असतो आणि आपण त्याखाली सही ठोकतो. मॅडम म्हणाल्या, संहितेच्या आदेश ६ नियम १५ प्रमाणे कोणता मजकूर स्वतःच्या माहितीतला आणि कोणता ऐकलेला, हे कलमाच्या आकड्यांनी वेगळं दाखवावं लागतं. २००२ पासून जोडीला प्रतिज्ञापत्रही लागतं. मला लिहायचं होतं की भाऊ खालच्या मजल्याचं भाडं दहा वर्षं एकटा खातोय, महिना १२,००० रुपये. "तुम्ही पाहिलंत?" भाडेकरूच्या बायकोने सांगितलं होतं. "मग ते 'मिळालेल्या माहितीवरून'मध्ये. आणि आकडा?" आकडा माझा अंदाज होता. आकडा गेला, त्याऐवजी हिशेब मागितला.

मराठीची शिक्षिका म्हणून सांगते, असं संपादन मी कुणाचं पाहिलं नाही. विशेषण तर एकही ठेवलं नाही. 'लबाड', 'कपटी', 'आपमतलबी', सगळे माझे लाडके शब्द पहिल्याच फेरीत गेले.

याच्या उलट नमुना बघायचा असेल तर भावाची कैफियत, म्हणजे दाव्याला दिलेलं लेखी उत्तर, वाचा. दाव्याच्या कलम १ मध्ये आम्ही लिहिलं होतं की वादी व प्रतिवादी सख्खे बहीण-भाऊ आहेत. त्याच्या वकिलांनी ठरावीक वाक्य घातलं: 'कलम १ ते १४ मधील मजकूर खोटा व खोडसाळ असून प्रतिवादीस मान्य व कबूल नाही.' म्हणजे मी त्याची बहीण आहे हे त्याने शपथेवर नाकारलं. वर 'वडिलांचे पश्चात वादीची जबाबदारी प्रतिवादीने बंधू या नात्याने पार पाडली' हेही आहेच, कलम ११ मध्ये. भाड्याबद्दल तर म्हणतो, खालचा मजला बंद असतो. मी त्या मजल्यावरच्या बाईंकडे चहा पिऊन आलेय. तिथे मला फार वाटलं की आपणही एक थाप ठोकून द्यावी. मॅडम म्हणाल्या, त्याचं खोटं आपण पुराव्यात काढू. वीजबिलं मागवायचा अर्ज दिलाय.

काय आवडलं नाही

मॅडम व्हॉट्सॲप बघत नाहीत. तीनपैकी एका तारखेला ज्युनिअर येतो, आणि तो चांगला मुलगा असला तरी फक्त पुढची तारीख घेतो. मॅडमचा आवाज चढतो, एकदा भावाच्या देखत मला म्हणाल्या, "ताई, विचारलं तेवढंच बोला." ते अजून टोचतं.

पण कापलेला तारा याचा नाही. भावाच्या वकिलांनी हुकूम उठल्यावर लगेच, २०२३ मध्येच, माझ्याविरुद्ध फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ३४० खाली अर्ज टाकला होता, खोटं प्रतिज्ञापत्र केल्याबद्दल माझ्यावर कारवाई करावी म्हणून. (१ जुलै २०२४ पासून नव्या संहितेत ते कलम ३७९ झालंय. वकील मंडळी अजून 'तीनशेचाळीस'च म्हणतात.) कोर्टाच्या कामात जाणूनबुजून खोटा पुरावा दिल्यास सात वर्षांपर्यंत कैद होऊ शकते, हे मॅडमनी मला जिन्यात, उतरता उतरता सांगितलं. अशी गोष्ट बसवून सांगायची असते. त्या रात्री मी झोपले नाही. नंतर त्यांनी समजावलं की प्रत्येक खोट्यावर खटला होत नाही. न्यायाच्या हितासाठी तो आवश्यक आहे असं कोर्टाला वाटावं लागतं, आणि खोटं जाणीवपूर्वक होतं का, शिक्षा होण्याची वाजवी शक्यता आहे का, हे पाहिलं जातं. माझ्या बाबतीत तो अर्ज अंतिम निकालासोबत ऐकायचा ठेवलाय. म्हणजे टांगती तलवार.

त्या अर्जात सामनेवाला म्हणून नाव एकट्या माझं आहे. 'कोणत्याही प्रकारे' घालणाऱ्याचं कुठेच नाही. वकीलसाहेबांचा सल्ला होता, टायपिस्टचं टायपिंग होतं, नोटरीचा शिक्का होता, पण शपथ माझी.

दुसऱ्या बाजूने, खोट्या दाव्याबद्दल भरपाई देण्याचं दिवाणी प्रक्रिया संहितेतलं कलम ३५-अ वाचलं तर हसू येतं. कमाल मर्यादा ३,००० रुपये! इतक्यात आमच्या दाव्याची झेरॉक्स निघत नाही. कोर्टात सर्रास खोटं का चालतं याचं निम्मं उत्तर मला तिथे मिळालं. उरलेलं निम्मं तारखांमध्ये आहे. खोटं उघडं पडेपर्यंत दहा वर्षं जात असतील तर ते परवडतं. कौटुंबिक न्यायालयांत निदान पोटगीच्या प्रकरणांपुरतं काहीतरी झालंय. नोव्हेंबर २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने रजनेश विरुद्ध नेहा या निकालात नवरा-बायको दोघांनाही मिळकत, खर्च, मालमत्ता, कर्ज हे सगळं ठरलेल्या नमुन्यातल्या प्रतिज्ञापत्रावर सांगायला लावलं. माझी एक मैत्रीण म्हणाली, तो तक्ता भरताना तिच्या नवऱ्याला घाम फुटला. मग म्हणाली, तिलाही.

निकाल काय लागला

लागलेला नाही. दुरुस्ती फेब्रुवारी २०२४ मध्ये मंजूर झाली. मनाईचा नवा अर्ज केला, तो नामंजूर झाला. आदेशात माझ्या पहिल्या लपवाछपवीवर एक आख्खं वाक्य आहे आणि ते मला पाठ आहे. घर अजून विकलं गेलेलं नाही, पण ते गिऱ्हाईक कोर्टाचं नाव ऐकून पळालं म्हणून, आमच्या कर्तबगारीने नव्हे. मुद्दे निघालेत, म्हणजे वाद नेमका कशावर ते कोर्टाने ठरवलंय. आता माझा सरतपास, म्हणजे माझ्या बाजूने माझी साक्ष, आणि मग उलटतपास.

उलटतपासाच्या तयारीला मी वही-पेन घेऊन गेले होते. मॅडमनी मूळ कागदाची सर्टिफाइड नक्कल पुढे ठेवली आणि विचारलं, "ही सही तुमची?" हो. "मजकूर वाचला होता?" हो. "मग पहिल्या दाव्यात का नाही सांगितलं?" मी वकिलांचं नाव घेणार होते. थांबले. म्हटलं, सांगितलं तर हरेन असं वाटलं म्हणून. मॅडम म्हणाल्या, झाली तयारी, आणि ज्युनिअरला चहा सांगितला.

जाणाऱ्यांसाठी: पहिल्या भेटीला दोन तास मोकळे ठेवा. गाडी लावायला जागा नाही. आपल्याविरुद्धचा कागद घरी विसरलात तर मॅडम तो आणायला परत पाठवतात, आणि लिफ्ट बहुतेक वेळा बंद असते.